गयामावशीच्या घराचं एक मिनिट

मी माहितीपट बनवते असं सांगितलं की मुदखेडचे आमचे नातेवाईक अजूनही विचारतात, "म्हंजी लग्नाच्या शूटिंगसारखंच ना?" पूर्वी मी समजावून सांगायचे. आता नुसतं हो म्हणते. लग्नाचं शूटिंग आमच्या कामापेक्षा बरंच बरं. तिथं जेवण मिळतं, आणि लोक आपण होऊन कॅमेऱ्यासमोर येतात. आमच्या धंद्यात ज्यानं बोलायला हवं तो गप्प बसतो आणि ज्याला कुणी काही विचारलेलं नाही तो दोन तास बोलतो.

दिवाळी अंकासाठी काही गमतीदार अनुभव लिहा, असं संपादकांनी सांगितलं. दोन-तीन गमतीदार सांगते. मग जो सांगायचा आहे तो सांगते. तो गमतीदार नाही, आणि तो सांगताना मी आजही घराचं दार लावून घेते.

आमची टोळी दोघांची. कॅमेरा सलीमभाईंचा. ते नांदेडचे, आधी लग्नंच शूट करायचे, त्यामुळे कुठल्याही गर्दीत वाट काढतात. दिग्दर्शन माझं आणि आवाजही माझाच, म्हणजे कानाला हेडफोन आणि हातात माईकची लांब काठी. वडील मुदखेड जंक्शनला सिग्नलच्या केबिनमध्ये होते. रेल्वे क्वार्टरमध्ये आमच्यासाठी शांतता म्हणजे दोन गाड्यांमधली फट. त्या फटीत आई सगळी महत्त्वाची बोलणी उरकायची. म्हणून असेल, मला माणूस दिसण्याआधी ऐकू येतो.

आता धंद्यातली एक गोष्ट समजून घ्या, कारण पुढचं सगळं तिच्यावर आहे. मुलाखत संपली की आम्ही लगेच उठत नाही. त्याच खोलीत सगळ्यांना एक मिनिट गप्प बसवतो आणि ती शांतता रेकॉर्ड करतो. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते. एका खोलीत पत्रा तडतडतो, दुसरीत फ्रीज घुरघुरतो, तिसरीत भिंतीपलीकडं कुणीतरी भांडी घासत असतं. नंतर मुलाखत कापताना दोन वाक्यांमध्ये भोक पडतं. तिथं दुसऱ्या खोलीची शांतता लावली तर ऐकणाऱ्याला लगेच खटकतं. गोधडीला त्याच लुगड्याचं ठिगळ लावावं तसं त्या खोलीला तिचंच मिनिट लावावं लागतं.

हे मिनिट माणसाला उघडं पाडतं. लातूरच्या एका पुढाऱ्यानं पाण्याच्या प्रश्नावर पाऊण तास न थांबता भाषण दिलं, पण एक मिनिट गप्प बसणं त्यांना जमलं नाही. पहिल्यांदा खोकले, दुसऱ्यांदा फोन घेतला, तिसऱ्यांदा विसाव्या सेकंदाला म्हणाले, "मॅडम, झालं का? लई वेळ लागून राहिला." लातूरलाच शिकवणी वर्गाच्या वसतिगृहात बारावीच्या एका मुलीची मुलाखत घेतली होती. तिला म्हटलं, बाळा, आता एक मिनिट काहीच करायचं नाही. ती बसल्या बसल्या झोपली. ताठ बसलेली, हातात पेन, डोळे मिटलेले. सलीमभाईंनी कॅमेरा बंद केला आणि आम्ही वीस मिनिटं तिला उठवलं नाही. त्या फिल्ममधलं मला आवडणारं तेवढंच.

खेड्यात आणखी एक भानगड होते. शहरातल्या माणसाला गप्प बसायला सांगितलं की तो मोबाईल काढतो. खेड्यात एक मिनिट शांत राहा म्हटलं की लोक उभे राहतात. शाळेत, ग्रामपंचायतीत, पतपेढीत, मिनिटभर गप्प राहायचं ते कुणी गेलं तरच. उदगीरकडच्या एका शाळेत मी मिनिट मागितलं तर मुख्याध्यापक टोपी सारखी करत उठले, मागोमाग सगळे शिक्षक उठले, आणि हात जोडून त्यांनी मला हळूच विचारलं, "कुणाचं दुःखद निधन झालं म्हणायचं?" तेव्हा आम्ही पोट धरून हसलो. तेव्हापासून मी आधीच बजावून सांगते की बसूनच राहा, कुणी गेलेलं नाही, मला फक्त खोलीचा आवाज हवाय. आणि एकमेकांकडे बघू नका, खाली बघा, नाहीतर हसू येतं.

या दोन सूचनांनी पुढं काय केलं ते आता सांगते.

देगलूरच्या पुढं, तेलंगणाच्या हद्दीजवळ एक गाव आहे. नाव लिहीत नाही, आणि माणसांचीही नावं बदलली आहेत, कारण प्रकरण कोर्टात आहे. आम्ही गायरानावर फिल्म करत होतो. गायरान म्हणजे गावाची चराईची सरकारी जमीन. आमच्या बौद्ध समाजातल्या कितीतरी भूमिहीन घरांनी ती वर्षानुवर्षं कसली आहे आणि ती नावावर व्हावी म्हणून अर्ज केलेत. त्या गावात असे अर्ज विलास नावाच्या तरुणानं लिहिले होते. सहा घरांचे. आम्ही तिथं गेलो त्याच्या नऊ वर्षं आधी एका संध्याकाळी तो घरातून बाहेर पडला आणि परत आला नाही. पोलिसांच्या कागदावर तो बेपत्ता. गावाच्या तोंडी तो हैदराबादला पळालेला.

त्याची आई गयाबाई. मी तिला गयामावशी म्हणायचे. साठीच्या पुढची, सडपातळ, एका डोळ्यात मोतीबिंदू. तरुणपणी हद्दीपलीकडं भात लावायला जायची, म्हणून मोजायची ते तेलुगूत. पेंढ्या असोत की भाकरी, ओकटी, रेंडु, मूडु. घर एका खोलीचं, वर पत्रा. भिंतीवर बुद्धाची तसबीर आणि शेजारी विलासचा फोटो. फोटोला हार नव्हता. पहिल्याच दिवशी तिनं मला बजावलं, "फोटोकडं बघून हळहळू नको माय. लेकरू जित्तं हाय माझं. लोकांनी बघितलंय त्याला."

बघितलंय हे तिला सांगायचा बालाजी. विलासचा शाळेपासूनचा जोडीदार, राहायला वरच्या आळीत. विलास गेल्यापासून रोज सकाळी तो वरच्या बोअरवरून पाण्याच्या दोन घागरी आणून मावशीच्या दारात ठेवायचा. नऊ वर्षं, एक दिवस खाडा नाही. तिचं औषध तो आणायचा, रेशन तो आणायचा. अधूनमधून बातमी आणायचा. विलासला हद्दीपलीकडं बोधनला हॉटेलात बघितलं म्हणे. निजामाबादच्या बसस्टँडवर बघितलं म्हणे. प्रत्येक वेळी मावशी फोटो उतरवून पिशवीत घालायची आणि जायची. चार-चार दिवस दुकानादुकानांतून फोटो दाखवत फिरायची. मी बालाजीची मुलाखतही घेतली. चांगला माणूस, हळू बोलणारा. फिल्ममध्ये एखादा तरी असा माणूस हवा म्हणून मी मनात त्याची जागाही ठरवून टाकली होती.

मावशीची पहिली मुलाखत गायरानात घेतली. बांधावर एक कडुलिंब होता, त्याखाली जमीन थोडी उंचावलेली. संध्याकाळचं ऊन तिथं फार छान येत होतं. मीच म्हटलं, मावशी, इथं बसा. ती बसली. विलासबद्दल बोलली, त्याच्या अक्षराबद्दल बोलली. शेवटी हातानं गवत चाळवत म्हणाली, "लई लांब न्हाई गेला तो. मला वाटतंय. हितंच कुठंतरी हाय." मग नेहमीप्रमाणे मी तिथलं एक मिनिट घेतलं. होले घुमत होते, वारा होता, लांब कुणाचा तरी ट्रॅक्टर चालू होता. सगळं मी हेडफोनमध्ये ऐकलं.

रात्री देगलूरच्या लॉजवर फाईल तपासली. मुलाखत ठीक होती. मिनिट मात्र रिकामं. खरखरसुद्धा नाही. लांबी बरोबर साठ सेकंद आणि आत काहीच नाही.

"केबल ढीली होगी मॅडम," सलीमभाई म्हणाले.

तसं असेल. त्याच केबलवर आधीची मुलाखत होती आणि दुसऱ्या दिवशीचं कामही झालं. मी ते मिनिट पुसून टाकणार होते. पुसलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मावशीच्या घरात उरलेली मुलाखत झाली. आत मावशी, शेजारच्या दोघी बाया, सलीमभाई आणि मी. मी नेहमीचं समजावलं, बसूनच राहायचं, खाली बघायचं. बाया तोंडाला पदर लावून हसल्या आणि मग गप्प झाल्या. मिनिट सुरू झालं. वर पत्रा तडकत होता, मागं शेळी पाला खात होती.

दहा-बारा सेकंदांनी दारात सावली पडली. बालाजी पाणी घेऊन आला होता. मी समजावलं तेव्हा तो नव्हता. त्यानं काय पाहिलं असेल ते आज मला नीट कळतं. घरात पाच माणसं, सगळी माना खाली घालून बसलेली, कुणी बोलत नाही. त्यानं घागरी खाली ठेवल्या. फारसा आवाज होऊ दिला नाही. चपला काढल्या. उंबऱ्याच्या आत येऊन सरळ उभा राहिला, विलासच्या फोटोकडं तोंड केलं, हात जोडले आणि डोळे मिटून मान खाली घातली.

तो मिनिट पुरं होईपर्यंत तसाच उभा राहिला. ओठ हलल्यासारखे वाटले, पण हेडफोनमध्ये तेव्हा मला पत्रा आणि शेळीच ऐकू आली. माझ्या काठीचं तोंड दाराकडं होतं, ते मी हलवलं नाही. मिनिट चालू असताना हलायचं नसतं, एवढंच तेव्हा डोक्यात होतं.

साठ सेकंद झाले, मी मान हलवली. बाया हसत उठल्या. बालाजीनं डोळे उघडले, आणि त्यांना हसताना बघून त्याचा चेहरा उतरला.

मावशी जागची हलली नव्हती. ती त्याच्याकडं बघत होती.

"बालाजी," ती म्हणाली, "कोण गेलं रे?"

"न्हाई... समदे गप बसलते, म्हून मला वाटलं..."

"काय वाटलं?"

त्यानं नजर घागरींकडं वळवली.

"तू इचारलं न्हाईस," मावशी म्हणाली. "माझ्या घरात समदे मान खाली घालून बसल्यात. मान्सानं इचारावं का न्हाई, कोण गेलं म्हून? तू इचारलं न्हाईस. सरळ माझ्या लेकराच्या फोटोला हात जोडलास."

बालाजी उंबऱ्यावरून मागं सरला आणि निघून गेला. चपला घालायचंही त्याला सुचलं नाही. शेजारणी गुपचूप निघून गेल्या. इतक्या वर्षांत मी पोलीस, पुढारी, सावकार सगळ्यांसमोर माईक धरला, पण त्या खोलीत मला काठी धरवेना.

"त्यात आलं का आत्ताचं?" मावशीनं रेकॉर्डरकडं बोट केलं. "लाव."

मी तिच्या कानाला हेडफोन लावला. तिनं डोळे मिटले. तिनं पहिल्यांदा ऐकलं, दुसऱ्यांदा ऐकलं, तिसऱ्यांदा ऐकलं. मग हेडफोन माझ्याकडं दिला. पत्र्याचा आवाज, शेळी, घागरी टेकवल्याचा आवाज. मग श्वास. आणि श्वासात, कानाला कधी आलं नसतं पण माईकनं पकडलं, इतकं हळू: "इल्या, सोड की आता मला. किती दिस येशील?"

इल्या म्हणजे विलास. त्याला असं म्हणणारे गावात दोघंच होते, मावशी आणि बालाजी.

मी वाट बघत होते की ती आता हंबरडा फोडेल. ती म्हणाली, "म्हंजी इल्या ह्याच्याकडं येतोय. माझ्याकडं कामून येत न्हाई?"

मी पोलिसांकडं जाऊ म्हटलं. तिनं माझा हात धरला, जोरात. पोलिसांना काय सांगणार, एक माणूस गप्प उभा राहिला? त्यानं नाही म्हटलं की संपलं. मग तो गाव सोडून जाईल आणि विलास कुठं आहे ते सांगणारं कुणी उरणार नाही. "मला गुन्हेगार नको माय," ती म्हणाली. "आधी लेकरू पायजे. कुठं हाय तेवढं पायजे. मी इचारीन त्याला. माझ्या पद्धतीनं."

मी ऐकलं आणि निघाले. हे बरोबर केलं की नाही, मला आजही ठरवता येत नाही. एकट्या म्हातारीला त्या गावात सोडून मी नांदेडला आले आणि दुसऱ्या कामाला लागले. फोन करायचे. "बरी हाय," एवढंच म्हणायची.

वर्षानं आम्ही गेलो. सकाळची वेळ, मावशी दारात बसलेली. मला म्हणाली, "बस. यील आता." मला वाटलं, कोण? पाहते तर बालाजी. दोन्ही हातांत घागरी. अर्धा झाला होता, गालाची हाडं वर आली होती. त्यानं आमच्याकडं पाहिलं नाही. घागरी ठेवल्या, चपला काढल्या, आत गेला आणि विलासच्या फोटोसमोर हात जोडून उभा राहिला. मावशी उंबऱ्यावर बसून मोजू लागली. ओकटी, रेंडु, मूडु. आवाज चढला नाही, उतरला नाही. साठापर्यंत गेली. "अरवै," ती म्हणाली, आणि मग, "बस." तो वळला, चपला घातल्या आणि गेला.

"रोज?" मी विचारलं.

"रोज. त्याला म्हणलं, पाणी ठिव आन एक मिनिट हुबा ऱ्हा. बाकी मी काही इचारत न्हाई."

"तो येतो तरी का?"

"न येऊन कुठं जाईल?"

मी दुसऱ्या दिवशी हे चित्रित करायची परवानगी मागितली. मावशी म्हणाली, कर. तिला काही ठरवायचं होतं ते तिनं त्या रात्रीच ठरवलं असावं.

सकाळी कॅमेरा खोलीच्या कोपऱ्यात लावला. मी काठी घेऊन भिंतीला टेकून उभी. बालाजी आला. कॅमेरा दिसला तेव्हा थबकला, मावशीकडं पाहिलं, तिनं नुसती मान हलवली. तो उभा राहिला. मी रेकॉर्डर चालू केला आणि तेलुगू आकडे ऐकू यायची वाट बघू लागले.

मावशीनं मोजलंच नाही.

एक मिनिट झालं. मी घड्याळ बघत होते. तो 'बस'ची वाट बघत होता. दोन मिनिटं झाली. त्यानं एकदा डोळे किलकिले करून मागं पाहिलं. मावशी भिंतीकडं बघत बसलेली. चार मिनिटं. जोडलेले हात खाली आले, त्यानं ते पुन्हा वर घेतले. सातव्या मिनिटाला तो डुलायला लागला. त्याला जाता आलं असतं. दार उघडं होतं, मध्ये फक्त एक म्हातारी होती. हेडफोनमध्ये मला त्याचा श्वास ऐकू येत होता, आणि खरं सांगते, त्या श्वासाच्या मागून दुसराही एक ऐकू येत होता. तो सलीमभाईंचा असेल. मावशीचा असेल. त्या खोलीत आम्ही चौघं होतो आणि मी ते मुद्दाम पुन्हा मोजलं.

अकराव्या मिनिटाला बालाजी बोलला. फोटोकडं बघूनच बोलला.

"गायरानात हाय, माय. लिंबाखाली. मी नुसती हाक मारून बोलवून नेलं त्याला. चल म्हणलं. मला वाटलं धमकावतील आन सोडतील."

मावशी म्हणाली, "बस."

मग तिथं खोदलं. पंचनामा झाला. हाडं निघाली, आणि शर्टाच्या खिशाच्या जागी एक पेन निघालं. बालाजी आज तुरुंगात आहे. बाकीचे कोण होते, हे त्यानं पोलिसांना सांगितलेलं नाही. अंधार होता, दोघं होते, ओळखले नाहीत, असं म्हणतो. मिळून-मिसळून राहणाऱ्या गावात कुणालाच काही माहीत नाही.

तो लिंब तोच. जिथं छान ऊन येतं म्हणून मी मावशीला बसवलं होतं, तिथंच. त्या शॉटमध्ये ती हातानं गवत चाळवते आणि म्हणते, लई लांब न्हाई गेला तो. मी तो शॉट चांगला आला म्हणून खुश झाले होते. या धंद्यानं मला पुष्कळ दिलं, पण एवढी लाज दुसऱ्या कशानं वाटली नाही. आणि ते रिकामं मिनिट. सलीमभाई आता केबलचं नाव काढत नाहीत.

फिल्म पुरी झाली. मावशीनं एकच अट घातली होती. बालाजी उभा आहे ते पुरं ठेवायचं, अकरा मिनिटं, न कापता. एका वाहिनीनं ते दोन मिनिटांवर आणायला सांगितलं, प्रेक्षक टिकणार नाही म्हणाले. मी फिल्म परत आणली. कापणं हेच माझं काम, पण तेवढं नाही कापलं.

पहिला खेळ गावातच व्हावा असं मावशीला वाटत होतं. ती स्वतः घरोघर गेली, वरच्या आळीतही गेली. लग्नाचं आवतण द्यावं तसं प्रत्येक दारात म्हणाली, "माझ्या लेकराचा पिच्चर हाय, या." आता कोण येणार नाही? जो आला नाही त्याच्याकडं सगळं गाव बघणार. म्हणून सगळे आले. शाळेच्या मोठ्या वर्गात भर दुपारी खिडक्यांना बारदान लावून अंधार केला. वर्गाला दोन दारं. पुढच्या दाराशी सगळ्यांनी चपला काढल्या. त्याच दाराशेजारी पडदा, आणि पडद्याखाली मावशी बसली. पडद्याकडं पाठ करून, लोकांकडं तोंड करून.

"मावशी, दिसणार नाही तुम्हाला," मी म्हटलं.

"पिच्चर पाठ हाय मला," ती म्हणाली. "मला मान्सं बघायचीत."

फिल्म चालू झाली. लोक खाकरत होते, कुजबुजत होते. बालाजी फोटोसमोर उभा राहिला तशी कुजबुज थांबली. पहिल्या मिनिटाला पुढचे दोन म्हातारे सवयीनं उठून उभे राहिले आणि त्यांना बघून मागचे उठू लागले. हळूहळू सगळा वर्ग उभा होता. बाया, मास्तर, वरच्या आळीतले, खालच्या आळीतले. कुणी कुणाकडं बघत नव्हतं. पडद्याचा उजेड त्यांच्या तोंडावर आणि त्यांच्यासमोर ती एकटी बसलेली. मी मागं प्रोजेक्टरजवळ होते. सहावं मिनिट संपता संपता माझ्या उजव्या हाताला मागचं दार किलकिलं झालं, उजेडाची एक पट्टी आत आली आणि गेली. पुन्हा एकदा आली आणि गेली. माझे डोळे दिपले, पाठसुद्धा नीट दिसली नाही.

फिल्म संपली. टाळ्या वाजल्या नाहीत. लोक पुढच्या दारानं बाहेर पडले, खाली वाकून ज्याची त्याची चप्पल शोधली आणि घरी गेले. मी वायरी गुंडाळल्या. बाहेर आले तर पायरीवर दोन जोड राहिले होते. एक काळी चप्पल, टाच झिजलेली. एक तपकिरी सँडल, बऱ्यापैकी नवं.

"मावशी, तुम्हाला तोंडं दिसली का?" मी विचारलं.

"न्हाई माय. डोळा असा. नुसतं हललेलं दिसलं."

आम्ही ताबडतोब पोलिसांना कळवलं. साहेबांनी सगळं नीट ऐकून घेतलं आणि म्हणाले, मॅडम, माणूस लघवीला जातो, चप्पल विसरतो. चपलेवर काय गुन्हा दाखल करू? त्यांचंही खरं आहे.

मावशीनं ते दोन्ही जोड घरी नेले आणि उंबऱ्याबाहेर ठेवले, बालाजी घागरी ठेवायचा तिथं. ज्याचे असतील तो घेऊन जाईल, असं तिनं गावात सगळ्यांना सांगून ठेवलं. विलासच्या फोटोला आता हार आहे. नळाला चार दिवसांनी पाणी येतं, शेजारणी एक-एक घागर आणून देतात.

हे लिहायला बसण्याआधी तिला फोन केला. मी विचारलं, चपला न्यायला कुणी आलं का?

"न्हाई की," ती म्हणाली. "रोज पुसून ठिवते. आन गावात कुणाच्या पायात नवी चप्पल आली, ते बघून राह्यले."